पलीकडच्या बाजूची ओळ

रस्ता ओलांडायच्या पांढऱ्या पट्ट्यांना मधोमध पोक आलं होतं. दिवा हिरवा झाला, माणसं चालू लागली, आणि सिस्टर बिबियाना एक पाय फुटपाथखाली टाकून तशीच उभी राहिली. पट्टे सरळच असतात हे काय तिला कळत नव्हतं? कोरियातल्या या दएजन शहराची महापालिका काहीही करील, पण वाकडे पट्टे मारायची नाही. तरी समोरचे तीन-चार पट्टे फुगून आले होते आणि बरोबर मधे, जिथं बघावं तिथंच, एक करडा डाग ठाण मांडून बसला होता. नजर डावीकडे नेली की डाग डावीकडे, उजवीकडे नेली की उजवीकडे, पाळलेल्या कुत्र्यासारखा. "अहो सिस्टर, चला की! आता काय रस्त्यातसुद्धा हिब्रू सापडलं का?" पलीकडून वेरोनिकाताई ओरडल्या. त्यांच्याभोवती त्यांच्याच चर्चच्या धर्मग्रामातल्या आणखी तीन म्हाताऱ्या, हातात पिशव्या, पिशव्यांत प्रार्थनेची पिवळी पुस्तकं. बिबियाना हसली आणि पोक आलेल्या पट्ट्यांवर पाय देत निघाली. प्रत्येक पट्टा पायाखाली सपाटच निघाला. याचं तिला उगीचच बरं वाटलं.

डाग काही आजचा नव्हता. डावा डोळा कधीचा कामातून गेला होता, पण एका डोळ्यावर माणूस निभावून नेतो. उजव्याची सुरुवात टिंबांपासून झाली. हिब्रू अक्षरांच्या पोटाखाली बारीक टिंबं असतात. ती गेली की अक्षर मुकं. गेल्या वसंतात एका सकाळी ती पान उघडून बसली तर टिंबं नाहीत. "काय भिकार छपाई आहे ही!" असं म्हणून तिनं ते पुस्तक टेबलावर आपटलं. शेजारी तिची विद्यार्थिनी, आता कॉलेजात तिच्याच हाताखाली शिकवणारी सिस्टर जेम्मा बसली होती. जेम्मानं पान जवळ ओढून पाहिलं, बराच वेळ पाहिलं, आणि "हो, जरा पुसटच आहे," एवढंच म्हणाली. दुसऱ्या दिवशी टेबलावर नवा दिवा आला. मग कधीतरी पानं मोठी करून छापलेली मिळायला लागली. बिबियानानं त्याबद्दल काही विचारलं नाही. विद्यार्थ्यांनी गुरूची सेवा करावी, यात विचारायचं काय? डॉक्टरांकडे ती एकटीच गेली, कोणालाही न सांगता. तरुण डॉक्टर. तो फार हळू आवाजात म्हणाला, "सिस्टर, तुम्ही आंधळ्या होणार नाही. कडेचं दिसत राहील. फक्त ज्याच्याकडे बघाल ते दिसणार नाही." तिला तिथं, त्या काळोख्या खोलीत, हसू फुटणार होतं. चाळीस वर्षं देवाच्या शब्दाकडे टक लावून बसलेल्या बाईला हे ऐकवणारा हा पहिलाच.

हसू नंतर आटलं. स्तोत्रांवरचं तिचं भाष्य शेवटच्या तिसऱ्या भागाशी अडलं होतं. मदर सुपिरियरच्या कानावर ही गोष्ट गेली की काय होईल, हे तिला तोंडपाठ होतं. मदर तिचे दोन्ही हात हातात घेतील, डोळ्यांत पाणी आणतील, आणि डोंगरातल्या विश्रामगृहात तिला एक छान खोली देतील, जिथं म्हाताऱ्या सिस्टर दुपारभर लोकर विणतात आणि कोणाचा मोजा कोणाला बसत नाही. मदर प्रेमळ होत्या. बिबियानाला सध्या प्रेमळ माणसांचीच धास्ती वाटत होती. काम हातातून गेलं तर आपण कोण उरतो, हा एकच प्रश्न तिच्या मानेवर बसून होता, आणि म्हणून ती गप्प होती. पायऱ्या मोजून चढत होती, जेवणाच्या टेबलावर सगळ्यांकडे बघून सारखंच हसत होती, कारण समोर कोण बसलंय ते बोलल्याशिवाय कळत नव्हतं.

आज ती म्हाताऱ्यांबरोबर निघाली होती ती किम ओक-बुनसाठी. ओक-बुन, बाप्तिस्म्याचं नाव अगाथा, काल गेली. ती दर गुरुवारी कॉलेजात बिबियानाच्या बायबलच्या वर्गाला पहिल्या बाकावर येऊन बसायची आणि प्रार्थना संपायच्या आत झोपी जायची. घोरायची नाही, एवढी तिची मेहेरबानी. "माझ्या तासाला झोपच येते तुम्हाला!" असं बिबियाना एकदा वैतागून म्हणाली, तर ओक-बुन म्हणाली, "सिस्टर, घरी येत नाही हो. फक्त इथंच येते." पुढे ओक-बुन वृद्धांच्या इस्पितळात पडली आणि बिबियाना महिन्यातून एकदा जाऊन तिच्या उशाशी बसायला लागली. धर्मग्रामातल्या या बायकांनी ओक-बुनला पाहिलेलंच नव्हतं. पण धर्मग्रामातलं कोणीही गेलं की मयताच्या दालनात जाऊन योन्दो म्हणायचं, हे त्यांचं व्रत. दोन बाजूंना बसायचं, एका बाजूनं स्तोत्राची ओळ टाकायची, दुसऱ्या बाजूनं उचलायची, जुन्या गावठी चालीवर, तासभर. मेलेल्याला वाटेत सोबत. शहरातली माणसं हल्ली हे ऐकून चकित होतात. या म्हाताऱ्या चकित होणाऱ्यांनाही शेजारी बसवून घेतात.

इस्पितळाच्या तळघरात मयतांची आठ दालनं होती आणि दाराशी भिंतीवर मोठा पडदा. त्यावर प्रत्येक मृताचा फोटो, नाव, दालनाचा क्रमांक. "सिस्टर, तुम्हीच ओळखता तिला. तुम्ही बघा कुठलं ते, आम्ही आलोच," असं म्हणून वेरोनिकाताई बाकीच्यांना घेऊन मोरीकडे वळल्या. बिबियाना पडद्यापुढे उभी राहिली. आठ चौकटी, आणि ज्या चौकटीकडे बघावं तिच्या मधे डाग. चेहऱ्यांच्या जागी करडं पीठ सांडल्यासारखं. चेहऱ्याभोवतीचं मात्र छान दिसत होतं. दोन पुरुष, ते वगळले. मग केस. एका चौकटीत आखूड, दाट, बारीक कुरळे केस, जांभळ्या हानबोकचा, सणावाराच्या पोशाखाचा, गळा. ओक-बुनकडे जांभळा हानबोक होता, ईस्टरला नेसायची. नजर तिरकी केली तर आडनावाचं 'किम' लागलं, आणि त्याखालचा तीन. शेजारून एक तरुण मुलगा गेला. त्याला थांबवून "बाळा, जरा नावं वाच ना," एवढंच म्हणायचं होतं. पाच शब्द. ते तिच्या तोंडून निघाले नाहीत. "तीन नंबर," ती बायकांना म्हणाली. दारावर नावाची पाटी होतीच, पण सिस्टरनं सांगितल्यावर पाटी वाचतो कोण?

तीन नंबरमध्ये फुलांची चक्रं नव्हती, चपलांचा ढीग नव्हता. दंडाला शोकाची पट्ट्यांची फीत बांधलेला पन्नाशीचा एक माणूस फोटोपुढे एकटाच बसला होता. पलीकडच्या खोलीत रिकाम्या बैठ्या टेबलांच्या रांगा, आणि स्वयंपाकाची बाई भिंतीला टेकून मोबाइल बघत होती. या पाचजणींना दारात बघून तो असा धडपडून उठला की त्याचा पाय उदबत्तीच्या भांड्याला लागला. बायकांनी वाकून नमस्कार घातले. "क्रूस नाही मांडलात आईसाठी?" वेरोनिकाताईंनी विचारलं. तो गोंधळला. "मला... काही माहीत नव्हतं." "चर्चला येत नाही वाटतं?" "नाही." "वाटलंच. या आजकालच्या मुलांना आया वाऱ्यावर सोडून दिलेल्या. असू दे, आमच्याकडे आहे." पिशवीतून क्रूस निघाला, मेणबत्त्या निघाल्या, पवित्र पाण्याची बाटली निघाली. त्याला एका बाजूला बसवलं, बिबियानाच्या शेजारी. तिच्या पलीकडे गुडघ्यांनी बेजार झालेली जुलिताआजी. ही उचलणारी बाजू. बिबियानानं मुद्दामच ही निवडली होती. उचलणाऱ्याला निदान चाल तरी आधी ऐकायला मिळते. पुस्तक उघडून तिनं मांडीवर धरलं. पानावर करडं, त्याच्या कडेला थोडी अक्षरं.

समोरून वेरोनिकाताईंचा घोगरा आवाज आला, ओळ आली, आणि बिबियानाच्या तोंडून पुढची ओळ निघून गेली. तिनं ती आठवली नव्हती. दुसरी आली, तिचंही तसंच. बिबियाना चकित झाली, कारण गाणं हे तिचं कधी नव्हतंच. तिच्या आईचंही नव्हतं. त्यांचं गाव डोंगरात, मोठमोठे मातीचे रांजण करणाऱ्यांचं. छळाच्या काळात ख्रिस्ती माणसं तिथं लपायला आली आणि पोटासाठी कुंभार झाली. गावात कोणी गेलं की भट्टीच्या कामावरून उठून सगळे त्या घरी. आई एका बाजूला बसायची आणि भसाड्या आवाजात सगळ्यांची चाल बिघडवायची. बायका तिला कोपरानं ढोसायच्या, ती आणखी जोरात म्हणायची. लहानगी बिबियाना, तेव्हाची जंग-रे, आईच्या मांडीला टेकून ओशाळी व्हायची आणि मग ऊबदार जमिनीवर तिला झोप लागायची. झोपेतच ते सारं आत उतरलं असावं. पुढे ती परदेशातून पदवी घेऊन आली, आणि तिशीच्या तोऱ्यात तिनं एक लेख लिहिला: योन्दोमधला मजकूर कुठं कुठं मुळापासून ढळलेला आहे, चाल कशी नको तिथं ओढते. लेखाचं कौतुक झालं. आईला फोनवर तिनं अभिमानानं सांगितलं. आई म्हणाली, "असेल गं चुकीचं. पण म्हणताना मधेच कोणी उठून गेलं नाही कधी." बिबियानानं ते हसण्यावारी नेलं होतं. जुलिताआजीचा हात अचानक तिच्या मांडीवर आला, तिचं पुस्तक उचललं, फिरवलं, परत ठेवलं. ओळ न तुटता. बिबियानाला क्षणभर कळलं नाही, मग कळलं, आणि कानशिलं तापली. ती पुस्तक उलटं धरून बसली होती.

मग मृताचं नाव घ्यायची जागा आली. "अगाथा," वेरोनिकाताई म्हणाल्या. शेजारच्या माणसाचा श्वास अडखळला. नजर गेल्यापासून बिबियानाला असे श्वास ऐकू यायला लागले होते. तिनं फोटोकडे पाहिलं, डाग. मग डॉक्टरांनी शिकवल्याप्रमाणे फोटोकडे न बघता खालच्या उदबत्तीकडे बघितलं, आणि कडेच्या नजरेत चेहरा हळूहळू वर आला. बाई हसत होती. मयताच्या फोटोत कोणी हसत नाही, ही दात दाखवून हसत होती, आणि तिच्या नाकाशेजारी मोठा तीळ होता. ओक-बुनला तीळ नव्हता. ओक-बुनला पुढचे दातही नव्हते. ही ओक-बुन नव्हे. या शहरातल्या सगळ्या म्हाताऱ्या एकाच न्हाव्याकडून केस कुरळे करून आल्यासारख्या दिसतात हे तिला काय माहीत नव्हतं? हात पुढे करून, थांबा, असं म्हणायला हवं होतं. आयुष्यभर तिनं हेच केलं होतं. दुसऱ्याच्या तर्जुम्यातली चूक, विद्यार्थ्याच्या प्रबंधातली चूक, बिशपांच्या पत्रकातली चूक. चूक दिसली की ती बोट ठेवायची, आणि त्या बोटाचा लोकांना धाक होता. पण आता थांबा म्हटलं, तर चूक कशी झाली तेही सांगायला लागणार. समोरून ओळ आली. खोलातून हाक मारणाऱ्याचं ते स्तोत्र, ज्याच्यावर तिनं पंधरा वर्षं घालवली होती. ओळ आली आणि, जुलिताआजी दम घ्यायला थांबलेली, मधेच लोंबकळत राहिली, आणि तिच्या शेजारचा तो माणूस, ज्याला शब्द येत नव्हते, चाल येत नव्हती, तोंड मिटूनच हुंकारत ती उचलायला निघाला. बिबियानानं त्याच्याबरोबर उचलली. ही हसणारी बाई कोणीही असो, तिला वाटेत कोणी सोबत केली नव्हती. आता पाचजणी करत होत्या. यात चूक कुठं होती, ते तिला सापडेना.

आणि मग, कसं कोण जाणे, एकामागोमाग एक माणसं तिच्याजवळ येऊन बसायला लागली. भसाडी आई. भट्टीतून काढलेल्या गरम रांजणाला कान लावून तो चांगला की फुटका हे ऐकणारा बाप. त्यानं तिला मठात जाऊ दिलं, वाटेत खायला भाजलेली रताळी बांधून दिली. परदेशातली ती म्हातारी प्राध्यापिका, जी रोज दुपारी तिच्याकडून हिब्रू मोठ्यानं वाचून घ्यायची आणि चुकलं की काठी आपटायची. मठाच्या स्वयंपाकघरातल्या सिस्टर, ज्या दर हिवाळ्यात किमचीच्या लोणच्यासाठी कोबीचा डोंगर पडला की तिला हाकलून लावायच्या: "जा, जा, तुझ्या हातानं कोबीला शाई लागेल." तिला वाटायचं, आपण एकटीनं बसून ते सारं केलं. एकटी कधी होते मी? सगळ्यांनी माझ्या ओळी उचलल्या, मी नुसती टाकत गेले. तिला कृतज्ञता वाटली, अगदी साधी, पोट भरल्यावर वाटते तशी, आणि डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. त्या डोळ्यांचं अजून हे काम बरं चाललं होतं.

योन्दो संपल्यावर त्या माणसानं कोणाचंच काही ऐकलं नाही. स्वयंपाकीण बाई उत्साहानं उठली, लाल रश्श्याचे वाडगे आले, भात आला, उकडलेलं मांस आलं. "बसा, बसा. पातेलं भरलेलं आहे, खाणारं कोणी नाही." बिबियानानं चमचा खाली ठेवला. "मला एक सांगायचंय," ती म्हणाली. आवाज तिच्या अपेक्षेपेक्षा मोठा आला. "या ओक-बुन नाहीत. मी चुकीच्या दालनात आणलं तुम्हाला. पडद्यावरचे चेहरे मला दिसले नाहीत. केसांवरून ठरवलं. माझी मधली नजर गेली आहे, बऱ्याच दिवसांपासून, आणि मी ते लपवलं." वेरोनिकाताईंचा चमचा तोंडाजवळ थांबला. "म्हणजे आम्ही तासभर... भलत्याच..." त्या त्या माणसाकडे वळल्या. "अहो, मग तुम्ही तरी बोलायचं! मी तुम्हाला चर्चवरून एवढं बोलले!"

तो मान खाली घालून बसला होता. त्याचं नाव ग्यू-सिक. "अगाथा म्हणालात तेव्हाच कळलं," तो म्हणाला. "आईचं नाव किम दल-ले. बाजारात फुटपाथवर भाजी विकायची. देवबिव काही नव्हतं तिचं. मी मालट्रक चालवतो, माझंही इथं कोणी नाही. कालपासून बसलोय, कोणी आलं नाही. तुम्ही आलात, म्हातारी माणसं, एवढं वाकून नमस्कार केलात. मनात म्हटलं, सांगितलं तर या उठून जातील." बिबियानाला आईचा फोनवरचा आवाज ऐकू आला, अगदी कानाशी. "आम्ही उठून गेलो नसतो हो," ती म्हणाली, आणि तिलाच ते पुरतं खरं वाटेना, म्हणून पुढे म्हणाली, "निदान आता नाही जाणार." जुलिताआजी भात कालवता कालवता म्हणाली, "सिस्टर, तुमच्या डोळ्यांचं मला कळलंच होतं. पुस्तक उलटं धरून इतकं बरोबर म्हणणारी बाई मी नाही पाहिली." वेरोनिकाताई आधी हसल्या, मग सगळ्याच हसल्या, ग्यू-सिकसुद्धा, आणि फोटोतली दल-ले तर मघापासून हसतच होती.

खरं दालन सहा नंबरचं. तिथं आता परत सगळं म्हणायचं होतं. "आणि परत जेवायचं," वेरोनिकाताई कण्हत उठल्या. ग्यू-सिक त्यांना पोचवायला दारापर्यंत आला आणि तिथंच घुटमळला. "मी आलो तर चालेल का? कोणी आपल्याकडे आलं की आपण त्यांच्याकडे जायचं असतं. पण आईला एकटं कसं सोडू?" फोटोपुढे कोणीतरी बसलेलं असलं पाहिजे, ही रीत. जुलिताआजीनं चप्पल घातलीच नव्हती. "जा तू. माझे गुडघे आता पुन्हा कुठं नेतोस? मी बसते तिच्यापाशी. दोघी बाजारातल्या गप्पा मारू." ती भिंतीला टेकून पाय पसरून बसली आणि उदबत्ती बदलायला लागली.

बोळात बिबियानानं वेरोनिकाताईंचा दंड धरला. उघडपणे, घट्ट. "माझ्या मोबाइलवर जेम्माचा नंबर लावून द्या." घंटी वाजली, जेम्मा बोलली. बिबियानानं वाक्य जुळवून ठेवलं होतं, ते सगळं विस्कटलं. "जेम्मा, मदरना मी आज संध्याकाळी सांगते. त्या काय ठरवतील ते ठरवोत. पण उद्या सकाळी तू वाच, मी ऐकीन. मी सांगते, तू लिही." पलीकडून का, काय झालं, डोळ्यांना काय, असं काहीच नाही. मग जेम्मा नाक ओढून म्हणाली, "कुठल्या स्तोत्रापासून, सिस्टर?" बिबियानाला तो दिवा आठवला. मोठी करून छापलेली पानं आठवली. छपाई जरा पुसटच आहे, असं म्हणताना त्या पोरीनं पान किती वेळ बघितलं होतं. "अडलंय तिथूनच," ती म्हणाली. मग फोन बंद करून म्हणाली, "वेरोनिकाताई, आता दारावरची पाटी वाचा. मोठ्यानं."

"किम ओक-बुन, अगाथा," वेरोनिकाताईंनी बोट ठेवून वाचलं. आत गर्दी होती, फुलांची चक्रं होती, मुलं, सुना, नातवंडं. दंडाला शोकाची फीत बांधलेला परका माणूस आत येऊन बसलेला बघून ओक-बुनचा थोरला चक्रावला. "हे कोण?" "आमच्या बाजूचे आहेत," वेरोनिकाताई म्हणाल्या आणि पलीकडे जाऊन बसल्या. बिबियानानं पुस्तक पिशवीतच राहू दिलं. तिनं ओक-बुनच्या फोटोकडे पाहिलं, म्हणजे मेणबत्तीकडे पाहिलं, आणि कडेला ओक-बुन दिसली, ओठ मिटून, डोळे किलकिले करून, आता झोपेल की मग अशी. झोपा, बिबियाना मनात म्हणाली, घरी येत नाही तर इथं झोपा. समोरून पहिली ओळ आली. ग्यू-सिकनं या खेपेला तोंड उघडलं, पण त्याला शब्द उशिरा सापडत होते. बाकीच्या पुढे निघाल्या की तो मागे, भसाडा, रस्ता चुकलेला. कोणीतरी मागे वळून पाहिलं. बिबियानानं ओळीच्या शेवटचा सूर ओढून धरला, चालीत नको तिथं, तिच्याच लेखात चूक म्हणून दाखवलं होतं बरोबर तिथंच, आणि श्वास संपेपर्यंत धरला. तो येऊन पोचला. मग पलीकडच्या बाजूनं पुढची ओळ आली.